अनौचित्यातील औचित्य : ट्रेग ब्राउन यांच्या ध्वनिसंकलनाचा विचार

चित्रपटसमीक्षेत दिग्दर्शकाला कर्त्याचे स्थान मिळून आता बराच काळ लोटला आहे. पटकथाकार, छायालेखक आणि संगीतकार यांच्या कामगिरीचाही कमीअधिक विचार होत असतो. ध्वनिसंकलकाच्या वाट्याला मात्र बहुधा तंत्रज्ञ हे एकच विशेषण येते. त्याने आवाज जमवावेत, ते चित्राशी जुळवावेत आणि बाजूला व्हावे, एवढीच त्याच्याकडून अपेक्षा असते. सामान्य बोलपटाच्या बाबतीतही हा ग्रह फारसा टिकण्याजोगा नाही. व्यंगचित्रपटाच्या बाबतीत तर तो मुळातच गैरलागू आहे. कॅमेऱ्यापुढे नट चालतो तेव्हा त्याच्या पावलांना त्यांचा स्वतःचा आवाज असतो. संकलक तो ठेवील, बदलील किंवा पुसून टाकील, पण आवाजाचा आधार वास्तवात असतो. कागदावर रेखाटलेल्या बदकाच्या पावलाला असा कोणताच आवाज नसतो. ते वाजावे की वाजू नये, आणि वाजायचेच तर कशासारखे वाजावे, हे कोणाला तरी ठरवावे लागते. हे ठरवणे म्हणजे निव्वळ कारागिरी की कलानिर्मिती, हा प्रश्न ट्रेग ब्राउन यांच्या कारकीर्दीच्या आधारे येथे तपासावयाचा आहे.

प्रारंभीच एक खुलासा आवश्यक आहे. 'ध्वनि' हा शब्द मराठी वाचकाला आनंदवर्धनाची आठवण करून देतो. येथे तो शब्द कानाला ऐकू येणाऱ्या आवाजाच्या साध्या अर्थानेच योजला आहे. तथापि संस्कृत साहित्यशास्त्रातील काही संकल्पना या विषयावर प्रकाश टाकतात, असे पुढील विवेचनात दिसून येईल.

ट्रेग ब्राउन (१८९९-१९८४) मूळचे संगीतक्षेत्रातले. रेड निकल्स यांच्या जाझ वाद्यवृंदाबरोबर ते गात असत. १९३६ पासून १९६३ पर्यंत, म्हणजे सुमारे २७ वर्षे, त्यांनी वॉर्नर ब्रदर्सच्या 'लूनी ट्यून्स' आणि 'मेरी मेलडीज' या मालिकांतील व्यंगचित्रपटांचे ध्वनिसंकलन केले. हे चित्रपट प्रथम लिऑन श्लेसिंजर यांच्या स्टुडिओत तयार होत असत. १९४४ साली तो स्टुडिओ वॉर्नर ब्रदर्सने विकत घेतला. संगीतकार कार्ल स्टॉलिंग हेही १९३६ सालीच तेथे आले. बग्ज बनी, डॅफी डक, पोर्की पिग अशा अनेक पात्रांना वाणी देणारे मेल ब्लँक यांना तेथे प्रवेश मिळाला तो ब्राउन यांनी त्यांचे गुण ऐकून घेतल्यामुळे, असे स्वतः ब्लँक सांगत असत. अशा रीतीने चित्र, संगीत, वाणी आणि आवाज या चार अंगांपैकी तीन अंगांची जडणघडण त्या स्टुडिओत जवळजवळ एकाच सुमारास झाली. असे असूनही ब्राउन यांचे नाव दीर्घकाळ श्रेयनामावलीत येत नसे. पुढे पन्नाशीच्या दशकात ते 'चित्रपट संकलक' म्हणून पडद्यावर दिसू लागले.

त्यांच्या कामाचे स्वरूप समजण्यासाठी व्यंगचित्रपटाच्या कालगणनेची ओळख हवी. पडद्यावर एका सेकंदात २४ चौकटी सरकतात. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी बसतात, म्हणजे दीड फूट फिल्म हा एक सेकंद होय. सात मिनिटांच्या चित्रपटात १० हजारांवर चौकटी असतात आणि त्यांतील प्रत्येक हालचाल आधी मोजूनमापून ठरवलेली असते. पात्रांचे बोलणे प्रथम ध्वनिमुद्रित होई. मग दिग्दर्शक प्रत्येक क्रियेला किती चौकटी द्यावयाच्या हे तक्त्यावर मांडीत असे. संगीतकाराची लयही चौकटींतच मोजली जाई : १२ चौकटींना एक ठोका धरला तर मिनिटाला १२० ठोके होतात, ८ चौकटींना धरला तर १८०. आवाजांची पट्टी याच मापाने कापून तयार करावयाची, आणि अखेरीस वाणी, संगीत व आवाज या तिन्ही पट्ट्यांचे मिश्रण करावयाचे, असा क्रम होता. अशा व्यवस्थेत एक-दोन चौकटींचा फरकही विनोद मारण्यास पुरेसा होतो. म्हणून ध्वनिसंकलकाची पहिली पात्रता कालाचे भान ही होय. पूर्वाश्रमीच्या वादक-गायकाला ते भान असणे स्वाभाविकच म्हटले पाहिजे.

परंतु कालाचे भान असणारे संकलक इतरही होते. ब्राउन यांचे वेगळेपण पाहावयाचे ते आवाजाच्या निवडीत. या बाबतीत त्यांची तुलना डिस्नेच्या स्टुडिओतील जिमी मॅकडॉनल्ड यांच्याशी करणे उपयुक्त ठरेल. मॅकडॉनल्ड यांनी वारा, पाऊस, आगगाडी, कीटकांची गुणगुण यांसाठी शेकडो साधने स्वतः घडवली. त्यांच्या कामाचा आदर्श अनुरूपतेचा आहे. रेखाटलेले जग खरे वाटावे, प्रेक्षकाने त्यात निःशंकपणे वावरावे, यासाठी तेथील आवाज झटतात. ब्राउन यांच्या चित्रपटांतही असे अनुरूप आवाज पुष्कळ आहेत. त्यांच्याशिवाय चित्रपट उभाच राहत नाही. मात्र लक्षात राहतात ते निराळे आवाज. धावता धावता एकाएकी थांबलेल्या बदकाच्या पायांतून मोटारीची चाके घसरल्याची किंकाळी उमटते. ज्या वस्तूचा जो आवाज नव्हे तो तिला द्यावयाचा, आणि तरीही तो तिचाच वाटावा अशी योजना करावयाची, हे त्यांच्या पद्धतीचे सूत्र आहे.

अशा विसंगत आवाजाने हसू का येते? भरताने हास्याचे मूळ विकृतीत पाहिले. वेष, अलंकार, वाणी आणि चेष्टा यांची विकृती हास्यास कारण होते, असे नाट्यशास्त्र सांगते. अभिनवगुप्ताने हास्याचा संबंध स्पष्टपणे अनौचित्याशी जोडला. अकराव्या शतकातील काश्मिरी पंडित क्षेमेन्द्र याने औचित्याची चर्चा करताना दिलेले उदाहरण सर्वपरिचित आहे : कमरेची मेखला कोणी गळ्यात घातली आणि गळ्यातला हार कमरेला बांधला, तर पाहणारा हसल्याशिवाय राहत नाही. क्षेमेन्द्राच्या दृष्टीने हे दोषाचे उदाहरण आहे. ब्राउन यांच्या दृष्टीने तेच विनोदाचे साधन आहे. मोटारीच्या चाकाचा आवाज बदकाच्या पायात घालणे हे गळ्यात मेखला घालण्यासारखेच नव्हे काय?

तथापि येथे एक महत्त्वाचा भेद करावा लागतो. कोणतीही मेखला कोणाच्याही गळ्यात घालून हसू येत नाही. ती गळ्यात बसली पाहिजे. ब्राउन यांचे विसंगत आवाज नीट ऐकले असता असे आढळते की, एका बाजूने तुटलेली संगती ते दुसऱ्या बाजूंनी सांधून घेतात. पहिली बाजू कालाची : आवाज नेमक्या चौकटीवर येतो. दुसरी बाजू गतीच्या आकाराची : हालचाल जशी चढते, उतरते, थबकते किंवा तुटते, तसाच आवाजही चढतो, उतरतो, थबकतो किंवा तुटतो. तिसरी बाजू भाराची : जड वस्तूला जड आणि हलक्या वस्तूला हलका आवाज लाभतो, अथवा हा संबंध जाणूनबुजून उलटा केला जातो. चाकाच्या किंकाळीचे उदाहरण पुन्हा घ्यावे. मोटार आणि बदक यांत कसलेही साम्य नाही. पण वेगाचा आकस्मिक निरोध आणि घर्षणाने तासला जाणारा आवाज यांत पूर्ण साम्य आहे. उगम विसंगत आणि आकार सुसंगत, अशी ही घडण आहे. कान फसतो आणि बुद्धीला ती फसवणूक कळते. या दोहोंच्या मधल्या क्षणात हास्य जन्मते.

बोलपटाच्या उदयकाळी झालेल्या एका वादाच्या संदर्भात या घडणीचे महत्त्व अधिक स्पष्ट होते. १९२८ साली आयझेनस्टाइन, पुडोव्हकिन आणि अलेक्झांड्रोव्ह या तिघा रशियन दिग्दर्शकांनी ध्वनीविषयी एक निवेदन प्रसिद्ध केले. चित्राला चिकटून चालणारा आवाज संकलनकलेचा घात करील, अशी त्यांची भीती होती. म्हणून आवाजाचा प्रयोग प्रथम चित्राशी विसंवादी असावा, असा त्यांचा आग्रह होता. त्यांच्या विचारात समकालिकता आणि विरोध ही दोन टोके होती. ब्राउन यांच्या कामातून असे दिसते की, ही दोन टोके एकाच आवाजात नांदू शकतात. काळाने तो चित्राला घट्ट चिकटलेला असतो आणि अर्थाने चित्राला विरोध करीत असतो. पुढे १९९० साली फ्रेंच अभ्यासक मिशेल शियाँ यांनी एक सिद्धान्त मांडला : एकाच क्षणी घडणारे दृश्य आणि आवाज यांचा उगम कितीही भिन्न असला तरी मन त्यांना आपोआप सांधते. व्यंगचित्रपटातील हा अनुभव त्या सिद्धान्ताच्या कितीतरी आधी, प्रेक्षकांच्या हशाच्या रूपाने, सिद्ध झालेला होता.

आता काही चित्रपटांचा प्रत्यक्ष विचार करू गेल्यास प्रथम चक जोन्स यांचा 'डक अमक' (१९५३) घ्यावा लागेल. या चित्रपटात अदृश्य चित्रकार डॅफी डकचा छळ मांडतो. त्याची पार्श्वभूमी बदलतो, त्याचा देह पुसतो आणि अखेर त्याचा आवाजही काढून घेतो. डॅफी गिटार छेडतो, पण काहीच ऐकू येत नाही. तो फलक दाखवून आवाजाची मागणी करतो. मग गिटारीतून यंत्रबंदुकीचा भडिमार होतो, पुढे भोंग्याचा आवाज येतो. तो चिडून गिटार आपटतो तेव्हा गाढवाचे ओरडणे ऐकू येते. तक्रार करण्यासाठी तोंड उघडतो तर त्यातून कोंबड्याची बांग बाहेर पडते. येथे चुकीचे आवाज यावेत ही कल्पना कथेचीच आहे, हे मान्य केले पाहिजे. परंतु कोणता चुकीचा आवाज कोठे यावा, यातच विनोदाचे मर्म आहे. तारांवरून झरझर फिरणारी बोटे आणि यंत्रबंदुकीच्या गोळ्यांची लड यांची लय एक आहे. हा आवाज दुसऱ्या कोठल्याही क्रियेला दिला असता तर तो नुसता विचित्र वाटला असता.

दुसरे उदाहरण रोड रनर मालिकेचे. १९४९ सालच्या 'फास्ट अँड फरी-अस' या चित्रपटापासून ती सुरू झाली. पक्ष्याचा प्रसिद्ध 'बीप बीप' हा आवाज पार्श्वचित्रकार पॉल ज्युलियन यांच्या तोंडचा. स्टुडिओतील एका चित्रकाराची सहज काढलेली हाक त्या पक्ष्याची ओळख होऊन बसली. या मालिकेत संवाद जवळजवळ नाहीतच, त्यामुळे सारा भार आवाजावर आणि संगीतावर पडतो. कड्यावरून कोसळणाऱ्या कॉयोटीचे दृश्य घ्यावे. वरून पाहताना त्याची आकृती लहान लहान होत जाते. अनेकदा शीळ उतरत्या स्वरात क्षीण होत जाते. मग काहीच नसते. आणि नंतर तळाशी धुळीचा लहानसा लोट व दूरचा, दबलेला धप्प असा आवाज. जोन्स यांनी सांगितलेल्या हिशेबाप्रमाणे आकृती दिसेनाशी होण्यास १८ चौकटी आणि त्यानंतर आघात होण्यास १४ चौकटी लागत. म्हणजे पाऊण सेकंद पतन आणि त्यानंतर अर्ध्या सेकंदाहून थोडी अधिक प्रतीक्षा. या १४ चौकटींत पडद्यावर पाहण्यासारखे काही नसते. प्रेक्षक तेथे डोळ्यांनी नव्हे, कानांनी वाट पाहतो. आणि जो आघात ऐकू येतो तो अपेक्षेहून फारच लहान असतो. एवढ्या उंचीवरून पडणाऱ्या देहाला गडगडाट शोभला असता. तेथे हलकासा धप्प योजला जातो. भाराचे औचित्य येथे उलटे केले आहे आणि पात्राच्या दुर्दशेबद्दलची सृष्टीची उदासीनता त्यातून सूचित होते.

तिसरे उदाहरण 'वन फ्रॉगी ईव्हनिंग' (१९५५) हे होय. एका मजुराला गाणारा बेडूक सापडतो. तो मालकापुढे झोकात गातो. दुसऱ्या कोणापुढे मात्र साध्या बेडकासारखा नुसता डराव करतो. चित्रपटात बोललेला एकही शब्द नाही. माणसाच्या आशेचा आणि विनाशाचा सगळा इतिहास दोन आवाजांच्या फरकावर उभा आहे. विशेष हे की, येथे विसंगत आवाज गाण्याचा आहे आणि अनुरूप आवाज डराव हा आहे. तरीही हसू येते ते अनुरूप आवाजाचे. बेडकाने डराव करणे यात अनौचित्य ते काय? पण चित्रपटाने आपल्या जगाचे औचित्यच बदलून टाकले असल्यामुळे निसर्गाचा खरा आवाज तेथे अपराध्यासारखा भासतो. औचित्य हे वस्तूत नसून संदर्भात असते, या तत्त्वाचे याहून समर्पक उदाहरण सापडणे कठीण.

यावर एक आक्षेप संभवतो. वरील तिन्ही चित्रपट जोन्स यांचे आहेत. मग त्यांचे श्रेय संकलकाला कसे द्यावे? आक्षेप रास्त आहे आणि त्याचे उत्तर भावनेने देऊन चालणार नाही. ब्राउन यांनी एव्हरी, क्लॅम्पेट, टॅशलिन, फ्रेलंग, जोन्स, मॅककिम्सन अशा भिन्न प्रकृतीच्या दिग्दर्शकांबरोबर काम केले. क्लॅम्पेट यांच्या चित्रपटांत आवाजांची दाटी आहे, जोन्स यांच्या प्रौढ काळातील चित्रपटांत मौनाला मोठी जागा आहे. यावरून आवाजांची विरलता किंवा दाटी, आणि विशेषतः मौनाची योजना, ही दिग्दर्शकाची मानावी लागते. परंतु आवाजाचा उगम निवडण्याची वर बताविलेली रीत दिग्दर्शक बदलले तरी बदलत नाही. जे सर्वत्र समान आहे ते समान असलेल्या व्यक्तीकडे जाते, हा साधा न्याय आहे. जोन्स यांनीही आपल्या आठवणींत ब्राउन यांचे ऋण मोकळेपणाने मान्य केले आहे. म्हणून कर्तृत्व विभागलेले आहे, असा निष्कर्ष काढणेच योग्य होईल : कधी वाजावे हे मुख्यतः दिग्दर्शकाचे, आणि काय वाजावे हे मुख्यतः संकलकाचे.

या पद्धतीच्या मर्यादाही पाहिल्या पाहिजेत. १९६३ साली प्रदर्शित झालेल्या 'नाऊ हिअर धिस' या चित्रपटात आवाज हाच नायक झाला आहे. एका वृद्ध गृहस्थाला सैतानाचे गळून पडलेले शिंग सापडते. ते तो कर्णा म्हणून कानाला लावतो आणि भलभलते आवाज त्याच्यावर कोसळू लागतात. या चित्रपटाला ऑस्करचे नामनिर्देशन लाभले आणि धाडस म्हणून तो उल्लेखनीयही आहे. तरी त्यातील हास्य 'डक अमक'च्या तुलनेत कोरडे वाटते. कारण उघड आहे. विरळ, जवळजवळ अमूर्त पार्श्वभूमीवर सगळेच आवाज भलते असल्यामुळे कोणताही एक आवाज भलता वाटत नाही. मेखलेने हसू येण्यासाठी गळा हा गळा म्हणून ओळखता आला पाहिजे. १९५० सालच्या 'जेराल्ड मॅकबॉइंग-बॉइंग' या यूपीए संस्थेच्या चित्रपटाशी तुलना केली असता हे अधिक पटते. त्यातील मुलगा शब्दांऐवजी आवाजच बोलतो. पण त्याच्याभोवतीचे आईबाप, शाळा, डॉक्टर हे जग साधे आणि ओळखीचे असल्यामुळे त्याचे वेगळेपण हसवते आणि हेलावतेही.

दुसरी मर्यादा पुनरुक्तीची. लक्षणेचे रूढ आणि प्रयोजनवती असे दोन प्रकार साहित्यशास्त्र मानते. चाकाची किंकाळी बदकाच्या पायांना प्रथम लाभली तेव्हा ती प्रयोजनवती होती. शंभराव्या वेळी ती रूढ झाली आणि तिच्यातील चमत्कृती लोपली. या दोषातून ब्राउन यांचे स्वतःचे चित्रपटही मुक्त नाहीत. १९५७ साली स्थापन झालेल्या हॅना-बार्बेरा संस्थेच्या दूरचित्रवाणी मालिकांत ही प्रक्रिया पूर्णत्वास गेली. तेथे खर्चापायी चित्रांची हालचाल कमी झाली आणि ती उणीव आवाजाने भरून काढावी लागली. 'फ्लिंटस्टोन्स' (१९६०) मध्ये धावण्यापूर्वी पायांची जागच्या जागी फिरकी आणि बोंगोंचा ताल यांची जी जोडी बसली, ती पुढे विनोद न राहता विरामचिन्ह झाली. एकाची शैली पुढे सर्वांची वर्णमाला होते, तेव्हा तिचा जनक विसरला जातो. ब्राउन यांच्या विस्मृतीचे एक कारण हेही असावे.

१९६३ साली वॉर्नर ब्रदर्सचा व्यंगचित्र-विभाग बंद पडला. ब्राउन नटांच्या चित्रपटांकडे वळले आणि ब्लेक एडवर्ड्‌स यांच्या 'द ग्रेट रेस' (१९६५) या चित्रपटातील आवाजांसाठी १९६६ साली त्यांना ऑस्कर मिळाले. हे यश वरवर पाहता नव्या क्षेत्रातले दिसते. वस्तुतः न्यूयॉर्क ते पॅरिस अशा मोटारशर्यतीची ही कथा, आणि तीत आपल्याच यंत्रांच्या सापळ्यात पुनःपुन्हा सापडणारा प्रोफेसर फेट, यांचे कॉयोटीशी जवळचे नाते आहे. आवाजयोजनेसाठी स्वतंत्र पारितोषिकच १९६३ सालच्या चित्रपटांपासून सुरू झाले; त्यापूर्वी व्यंगचित्रपटाला ऑस्कर मिळे तेव्हा ते निर्मात्याच्या हाती जात असे. ज्या २७ वर्षांत ब्राउन यांची रीत घडली त्या वर्षांसाठी त्यांना असा मान मिळण्याची व्यवस्थाच नव्हती. पारितोषिकांचा इतिहास हा कलेचा इतिहास समजण्याची चूक किती सहज घडते, हे यावरून ध्यानी यावे.

या विवेचनातून समीक्षेपुरता एक व्यावहारिक निष्कर्ष निघतो. व्यंगचित्रपटाचा अभ्यास करणाऱ्याने तो निदान तीन वेळा अनुभवावा : एकदा आवाज बंद करून, एकदा डोळे मिटून आणि एकदा दोन्ही एकत्र. पहिल्या दोन अनुभवांत जे नव्हते आणि तिसऱ्यात जे अवतरले, ते ना चित्रकाराचे एकट्याचे असते, ना संकलकाचे एकट्याचे. पण ते संकलकाशिवाय अवतरले नसते, एवढे निश्चित. ब्राउन यांनी वाजवलेले बहुतेक आवाज त्यांनी निर्माण केले नव्हते. ते जगात आधीपासूनच होते. कवीचे शब्दही कोशात आधीपासून असतातच. शब्दांची जागा ठरवणाऱ्याला कवी म्हणताना जी कसोटी लावली जाते, तीच आवाजांची जागा ठरवणाऱ्याला लावली, तर ट्रेग ब्राउन यांना कलावंत म्हणण्यास कोणतीच हरकत उरत नाही.